मुरलीकाकांचं शटर

सुहास गल्लीच्या तोंडाशी दिसला आणि शिलाई मशीनवरचा माझा पाय जागच्या जागी थांबला. त्याच्या डोक्यावर एक केस नव्हता. मिशीसुद्धा उतरवलेली. पांढरा शर्ट, पायात साध्या स्लिपर, नजर खाली. तो सरळ चालत आला, वडिलांच्या दुकानाचं कुलूप काढलं, शटर कमरेइतकं वर केलं आणि वाकून आत गेला.

शेजारच्या भांड्यांच्या दुकानात नाना शेटे कळशा मांडत होते. त्यांच्या हातातली कळशी हातातच राहिली.

"आई," मी आतल्या खोलीकडं बघत म्हटलं, "रासणेअण्णा गेले वाटतं."

"कशावरून?"

"सुहासनं डोकं केलंय."

"अगंबाई!" आईनं स्टोव्ह बंद केला आणि पदराला हात पुसत खिडकीशी आली.

तेवढ्यात सुहास बाहेर आला. काखेत वर्तमानपत्रात गुंडाळलेलं काहीतरी होतं. नाना फळीवरून खाली उतरले, त्याच्यापुढं जाऊन उभे राहिले आणि त्यांनी हात जोडले. सुहासनंही हात जोडले, मान जरा वाकवली आणि घाईघाईनं आला तसा निघून गेला. नानांनी त्याला काही विचारलं नाही. मुंडण केलेल्या मुलाला काय विचारणार? आणि काय बोलणार?

आमची पागा गल्ली कोल्हापुरात महाद्वार रोडच्या मागं आहे. दोन रिक्षा समोरासमोर आल्या की एकीला मागं जावं लागतं, एवढीच रुंद. तिथं पहिल्या मजल्यावरच्या खिडकीत माझं मशीन असायचं. साड्यांना पिको-फॉल करायचा आणि गल्ली बघायची, हे माझे तेव्हाचे दोन उद्योग. कोणाकडं पाहुणे आले, कोणाचं गिऱ्हाईक कोणी पळवलं, कोणती सून माहेरी जाताना नेहमीपेक्षा मोठी बॅग घेऊन गेली, सगळं मला वरून दिसायचं आणि त्याचा अर्थही लागायचा. निदान मला तरी तसं वाटायचं. गल्लीत माझ्या डोळ्यांचा दराराच होता म्हणा ना.

खिडकीच्या बरोबर समोर रासणे बंधूंचं बांगड्यांचं दुकान. बंधू म्हणजे पाटीवरचे. वडील गेल्यावर वाटणीवरून दोघांचं बिनसलं आणि एका दुकानाची दोन झाली. मधे प्लायवूडची भिंत उभी राहिली. अलीकडं रघुनाथअण्णा, पलीकडं धाकटे मुरलीधर, माझे मुरलीकाका. भांडण नेमकं कशावरून झालं, याची गल्लीत ज्याची त्याची वेगळी हकीकत होती; पण शेवटचा दिवस सगळ्यांनी डोळ्यांनी पाहिला होता. अण्णा रस्त्यात उभे राहून ओरडले होते, "आजपासनं तू मला मेलास! आणि मी मेलो तरी माझ्या दारात यायचं न्हाई. तोंड बघायला आलास तर याद राख!"

मुरलीकाका पायरीवर उभे होते. "न्हाई येत," एवढंच म्हणाले आणि आत जाऊन बांगड्यांच्या माळा लावायला लागले.

त्याला सहा वर्षं झाली होती. एकाच नळाचं पाणी दोघं प्यायचे, पण भरायचे वेगवेगळ्या वेळी. एखाद्या बाईच्या मापाची बांगडी एकाकडं नसली, तर "शेजारी बघा" एवढंही दुसरा म्हणायचा नाही. ती बाई बिचारी महाद्वार रोडला जायची.

म्हणून अण्णांच्या छातीत कळ आली आणि त्यांना दवाखान्यात नेलं, तेव्हा गल्लीच्या तोंडी एकच विषय झाला. आता तरी हे दोघं बोलणार का? अण्णा वाचतील की नाही याच्याइतकीच ती काळजी होती. अबोला मनात धरून माणूस जाऊ नये, असं आम्हा सगळ्यांनाच मनापासून वाटत होतं. मुल्लाणीचाचा अत्तराच्या बाटल्या पुसता पुसता म्हणायचे, "एकदा जाऊन ये की मुरली. तुझं काय झिजतंय?" मुरलीकाका ऐकून घ्यायचे. दुपारी सगळ्यांबरोबर दुकान बंद करायचे, स्कूटरला पिशवी अडकवायचे आणि कुठंतरी जायचे, ते उन्हं कलली की परत.

"वकिलाकडं जातंय," नाना सांगायचे. "भाऊ पडून हाय, तोवर भिंतीची कागदपत्रं करून घेतंय."

मलाही ते पटलं होतं. पिशवीत कागदच असणार, हे मला खिडकीतून अगदी स्वच्छ दिसायचं.

तर त्या सकाळी नानांनी कळशा आत ओढल्या आणि शटर खाली घेतलं. अर्धं. गल्लीतलं माणूस गेलं की सगळ्यांनी शटर अर्धी खाली घ्यायची, घाटावरून माणसं परतली की वर करायची, अशी आमच्याकडची रीत. कोणी घालून दिली माहीत नाही, पण कोणी मोडल्याचं मी पाहिलं नव्हतं. नानांचं शटर वाजलं तसे बाकीचे बाहेर आले. नानांनी डोक्यावरून हात फिरवून दाखवला आणि अण्णांच्या दुकानाकडं बोट केलं. तेवढं पुरे होतं. किराणावाला, टेलर, मुल्लाणीचाचा, पानवाला, एकामागून एक शटर खाली येत गेलं.

एकच शटर वर राहिलं. मुरलीकाकांचं.

ते मुद्दाम म्हणावं, तर काकांच्या दुकानात त्या वेळी नवरी बसली होती. दोन दिवसांवर लग्न आलेलं, आई, मावशी, करवल्या असा सगळा गोतावळा गादीवर, आणि मधे ती पोरगी हात पुढं करून. हिरवा चुडा भरायचं काम चाललं होतं. कासाराच्या दुकानात चुडा भरताना वावगा शब्द काढायचा नसतो. बांगडी फुटली तरी फुटली म्हणायचं नाही, वाढली म्हणायचं. तिथं मरणाची बातमी कोण सांगणार?

म्हणून नाना पायरीशी जाऊन नुसते उभे राहिले. काकांनी वर पाहिलं. नानांनी तळहात खाली दाबून खूण केली, शटर ओढ. काकांनी गल्लीवर एक नजर टाकली, सगळी अर्धी शटरं पाहिली, अण्णांच्या बंद दुकानाकडं पाहिलं. मग त्यांनी मान हलवली. नाही.

नानांना वाटलं, याला कळलंच नाही. त्यांनी पुन्हा डोक्यावरून हात फिरवला, भिंतीपलीकडं बोट दाखवलं, डोळे मिटून दाखवले. काकांनी पुन्हा मान हलवली आणि नवरीच्या हातात पुढची बांगडी चढवायला घेतली. त्यांचे हात जराही कापले नाहीत, हे मी वरून पाहिलं. मला त्यांचा फार राग आला.

"बघितलंस?" मी आईला म्हटलं.

"चुडा अर्धा टाकून कसा उठेल तो?" आई म्हणाली. "भरून झाला की ओढेल."

चुडा भरून झाला. नवरीनं वाकून काकांना नमस्कार केला. काकांनी तिच्या ओंजळीत दोन जास्तीच्या बांगड्या ठेवल्या, वाढल्या तर असाव्यात म्हणून. बायका गल्लीच्या वळणावर दिसेनाशा होईपर्यंत नाना कसेबसे थांबले आणि मग त्यांचा बांध फुटला.

"मुरली, शटर घे खाली."

"कशाला?"

"कशाला? सख्खा भाऊ गेलाय तुझा!"

काका सांडलेली काच गोळा करत होते. "माझं दुकान हाय नाना. मी बघून घेतो."

"अरे, माणूस हायस का कोण? वैऱ्याच्या दारात माणूस जातंय असल्या वेळी! सगळी गल्ली उपाशी बसलीया आणि तू धंदा करतोयस?"

"मी शटर खाली घेणार न्हाई," काका म्हणाले. आवाज चढला नव्हता. "तुम्हाला घ्यायचं त्यांनी घ्या."

टेलरनं पुढं होऊन शटरच्या मुठीला हात घातला. काका ताडकन उठले आणि त्यांनी ते दोन्ही हातांनी वर धरून ठेवलं. मुरलीकाकांसारखा मऊ माणूस असा कोणाच्या अंगावर जाताना मी कधी पाहिला नव्हता. "हात लावायचा न्हाई," ते म्हणाले. "सांगून ठेवतो."

टेलर मागं सरला. नाना रस्त्यातच थुंकले. "त्यो बोलला ते खरं करून दाखवलास बघ. मेला तरी येऊ नको म्हणालावता न्हवं? बस मग."

मुल्लाणीचाचांनी टोपी सारखी केली, सायकल काढली आणि घाटाकडं निघाले. तिथं काही दिसेना, म्हणून दवाखान्यात गेले. तासाभरानं परत आले ते सायकलवरूनच हसत.

"अरे, उचला शटरं! उचला!" ते ओरडत आले. "अण्णा उठून बसलाय, उप्पीट खातोय! मला म्हणतोय, चाचा, अत्तराचा फाया आणला न्हाई व्हय?"

सुहासनं नवस बोलला होता. वडील धोक्यातून बाहेर आले तर तिरुपतीला जाऊन केस देईन म्हणून. डॉक्टरांनी धोका टळला म्हटलं त्याच संध्याकाळी पोरगा गाडीत बसला, केस देऊन आला, आणि दुकानातली बालाजीची तसबीर अण्णांना उशाशी हवी होती म्हणून ती न्यायला सकाळी गल्लीत आला. नानांनी हात जोडले, त्याला वाटलं देवाला जोडले.

गल्लीत एकच हशा पिकला. शटरं धडाधड वर गेली. पानवाल्यानं सगळ्यांना फुकट पान दिलं. आईनं स्टोव्ह पुन्हा पेटवला आणि डोळेही पुसले. नाना मात्र हसता हसता अवघडले होते. सगळ्या गल्लीला त्यांनी फशी पाडलं होतं. ते मुरलीकाकांच्या दुकानासमोर जाऊन म्हणाले, "काय रे, तुला ठाऊक होतं काय आधीच?"

काकांनी क्षणभर त्यांच्याकडं पाहिलं. "मला कुठनं ठाऊक असणार?"

"मग?"

"मग काय न्हाई."

नानांना हवं होतं ते मिळालं. आपण चुकलो, पण माणुसकीनं चुकलो. हा मात्र भाऊ गेला असं समजूनही शटर उघडं ठेवून बसला. गल्लीनंही ते तसंच धरलं. मीही धरलं. खोटं कशाला सांगू, त्यानंतर बरेच दिवस काकांचं दुकान समोर असूनही मी तिकडं बघायचं टाळत होते.

अण्णांना घरी सोडलं त्या दिवशीची गोष्ट. त्यांचं घर राजारामपुरीत. दवाखान्यातून रिक्षा सरळ तिकडं जायला हवी होती, पण ती गल्लीच्या तोंडाशी येऊन थांबली. आधी सुहासची आई, कुसुमवैनी उतरल्या, मग सुहासच्या खांद्यावर हात ठेवून अण्णा. अंगावरचा सदरा ढगळ झालेला, पण चेहऱ्यावर हसू.

सगळे धावले. कोणी खुर्ची आणली. अण्णा बसले नाहीत.

"काय नाना," ते म्हणाले, "मला पोचवून आलासा म्हणं?"

हसून हसून लोकांची पुरेवाट झाली. मुल्लाणीचाचांनी त्यांच्या मनगटाला अत्तर लावलं. "मेलेल्या माणसाला चहा तरी पाजा," अण्णा म्हणाले, आणि पुन्हा हशा. मग त्यांनी मान वळवली. स्वतःच्या दुकानाकडं नाही, त्याच्या पलीकडं.

"मुरली हाय का आत?"

सहा वर्षांत त्यांच्या तोंडून ते नाव आम्ही ऐकलं नव्हतं. हशा एकदम थांबला. मी मशीनचं चाक हातानं घट्ट धरलं होतं. अण्णांनी सुहासच्या खांद्यावरचा हात काढला आणि एकटेच, सावकाश चालत भिंतीपलीकडच्या पायरीपाशी गेले. आत मुरलीकाका गादीवरून उठून उभे राहिले. त्यांच्या हातात बांगड्यांचा जुडगा होता, तो ठेवायचंही त्यांना भान नव्हतं. अण्णांनी एक पाय पायरीवर ठेवला.

तेवढ्यात नाना बोलले. मला आजही वाटतं, त्यांच्या मनात दुष्टावा नव्हता. मघाच्या हशालाच त्यांना आणखी एक फोडणी द्यायची होती, आणि आपल्या चुकीवर पांघरूणही घालायचं होतं.

"अण्णा, काय का असंना, सगळ्या गल्लीनं तुमच्यासाठी शटर खाली घेतलं बघा. तुमच्या भावानं तेवढं न्हाई घेतलं."

अण्णांचा पाय पायरीवरच राहिला.

"म्हंजे?"

टेलर दुसरीकडं बघायला लागला.

"मुरली," अण्णा म्हणाले. किती वर्षांनी त्यांनी सरळ भावाला हाक मारली होती. "खरं हाय का हे? मी गेलो असं ऐकलंस, आणि दुकान उघडं ठेवलंस?"

मुरलीकाकांनी अण्णांकडं पाहिलं. मग अण्णांच्या खांद्यावरून मागं पाहिलं. तिथं कुसुमवैनी उभ्या होत्या. वैनींचे ओठ हलले, त्या काहीतरी बोलणारच होत्या. काकांनी मान अगदी हळू, नकारार्थी हलवली. वरून ते मला दिसलं, पण त्याचा अर्थ लागला नाही.

"होय," काका म्हणाले. "उघडंच होतं."

अण्णांनी पाय खाली घेतला.

"बरं केलंस," ते म्हणाले. "शब्दाला जागलास."

सुहासनं त्यांना रिक्षापर्यंत नेलं. त्यांच्यासाठी आलेला चहा फळीवर तसाच राहिला. रिक्षा वळली तरी मुरलीकाका उभेच होते, आणि मग त्यांच्या हातातला जुडगा सुटून खाली पडला. इतक्या बांगड्या एकदम फुटल्याचा आवाज गल्लीनं पहिल्यांदाच ऐकला असेल. कोणी आत गेलं नाही. त्यांनी खाली बसून एकट्यानं काचा गोळा केल्या.

अण्णांनी पुढं दुकान विकलं. सुहासला पुण्यात नोकरी लागली होती, त्याच्याकडं दोघं गेले. अलीकडच्या गाळ्यात मोबाइल आणि कव्हरं विकणारा एक तरुण आला, प्लायवूड काढून त्यानं पक्की भिंत घातली. मुरलीकाका दुपारचं कुठं जायचे ते बंद झालं होतं. आता वकिलाचं काम संपलं असणार, असं नाना म्हणाले.

मग बऱ्याच वर्षांनी एका सकाळी नानांच्या दुकानात फोन वाजला. अण्णा गेले होते, पुण्यात. या वेळी फोनवर सुहास स्वतः होता. नाना म्हातारे झाले होते, त्यांनी भिंतीला हात टेकला आणि मग शटरच्या मुठीला हात घातला.

"नाना, थांबा."

मुरलीकाका रस्त्यात आले होते. तेही थकले होते. पायांत चपला, हातात एक साधी पिशवी.

"अजून कुणी शटर खाली घेऊ नका," ते म्हणाले. "मागल्या खेपंलाबी असंच म्हणालासा. मी बघून येतो."

"अरे मुरली, सुहासचा फोन हाय. खुद्द पोराचा."

"असंल. पण मी बघून येतो. तोवर उघडी ठेवा." आणि मग, सगळ्यांसमोर, त्यांनी हात जोडले. "तेवढं ऐका माझं."

ते एसटी स्टँडकडं गेले. त्या दिवशी आमच्या गल्लीत पहिल्यांदा रीत मोडली. दिवसभर सगळी दुकानं सताड उघडी होती. धंदा मात्र कोणी केला नाही, गिऱ्हाईक आलं तर "उद्या या" म्हणत होते. दुसऱ्या दिवशी काका परत आले. त्यांनी आपलं शटर अर्धं खाली घेतलं, आणि मग बाकीच्यांनी घेतलं.

मी त्या दिवशी खिडकीत बसून रडले. काय पाहतेय ते मला अजून कळलं नव्हतं, पण सहा वर्षं आणि त्यानंतरची सगळी वर्षं आपण काहीतरी चुकीचं वाचत होतो, एवढं मनात आलं.

कुसुमवैनी पुढच्या नवरात्रात अंबाबाईच्या दर्शनाला आल्या तेव्हा जिना चढून माझ्याकडं आल्या. कपाळ मोकळं, हात मोकळे. मी पाणी दिलं. त्या खिडकीशी बसून खाली बघत राहिल्या.

"भावजी भेटले," त्या म्हणाल्या. "साडीचे पैसे ठेवले हातात. नको म्हटलं तर ऐकेनात."

मी धीर करून विचारलं. "वैनी, त्या वेळी मुरलीकाकांनी शटर का नाही हो खाली घेतलं?"

त्या माझ्याकडं नवल वाटल्यासारख्या बघायला लागल्या. "का घेतील? आपला दादा जिवंत आहे, हे ठाऊक होतं की त्यांना. रोज दुपारी दवाखान्यात यायचे. तांदळाची पेज आणायचे पिशवीतून, सासूबाई करायच्या तशी. मी घरून आणली म्हणून ह्यांना पाजायची. आदल्या दिवशीसुद्धा येऊन गेले होते, आणि सुहास केस द्यायला गेलाय हे मीच सांगितलं होतं."

"मग सांगितलं का नाही? एका शब्दाचं तर काम होतं."

"ह्यांना कळलं असतं ना, की येतात म्हणून. डॉक्टर म्हणाले होते, मनाला जराही त्रास होऊ देऊ नका. आणि ह्यांनी तोंड दाखवू नको म्हटलं होतं. म्हणून ह्यांचे डोळे मिटले की आत यायचे, उघडायच्या आत बाहेर. मला सुहासची शपथ घातली होती, दादाला सांगायचं नाही म्हणून."

"पण नुसतं दाखवायला तरी शटर..."

"मी हेच विचारलं त्यांना. म्हणाले, वैनी, जित्या भावासाठी शटर खाली घेऊ? त्याला काही झालं असतं म्हंजे?"

खाली फुलवाली झेंडूच्या माळा लावत होती. 

"ह्यांनी पायरीवर विचारलं तेव्हा माझ्या ओठांवर आलं होतं," वैनी म्हणाल्या. "भावजींनी मान हलवली. नंतर मी त्यांच्या पाया पडले, शपथ सोडवा म्हणून. तर म्हणाले, सगळ्या गल्लीसमोर त्यानं मला विचारलं, आता मागनं सफाई दिल्यासारखं हुईल. दादालाच उमगायला पाहिजे. दोघं एका मुशीतले, काय करणार? पुण्याला गेल्यावर कितीदा वाटलं, सांगून टाकावं. पण पोराची शपथ. शेवटी तर सुनेचे दिवस भरत आलेले. माझी जीभच रेटेना गं."

त्यांनी पदरानं डोळे टिपले.

"शेवटी शेवटी ह्यांचे पाय फार दुखायचे. मी चेपायची, सुहास चेपायचा, कुणाचंच पसंत पडायचं नाही. म्हणायचे, कोल्हापूरच्या दवाखान्यात एक वॉर्डबॉय होता बघ. काय हात होता त्याचा. दुपारी डोळा लागला की यायचा, पाय चेपायचा. डोळे उघडावेत तर गेलेला असायचा."

"वैनी..."

"तिथं कुणी वॉर्डबॉय पाय चेपत नव्हता शैला." त्या खाली काकांच्या दुकानाकडं बघत होत्या. "जायच्या आदल्या दिवशी मला जवळ बोलावलं. मला वाटलं, आता भावाचं नाव काढतात. तर म्हणाले, कुसुम, एक चुकलंच आपलं. त्या पोराला निघताना काहीच दिलं नाही गं. साधं नावसुद्धा विचारलं नाही."